बुडबुड्यांची बायको

काच कारखान्याच्या वसाहतीत नवीन माणूस राहायला आला की पहिले काही दिवस त्याला हसू आवरत नाही. दवाखान्याच्या दारावर पाटी असते, 'डॉक्टर अर्धवटे', आणि तो आपलं दुखणं विसरून पाटीच वाचत बसतो. पुढे शाळा, तिथे मुख्याध्यापिका गळके बाई. कोपऱ्यावरचा शिंपी तिरपे, त्याच्या शेजारचा सुतार बिनबुडे. आता शिंप्याचं नावच तिरपे म्हटल्यावर त्याच्याकडे कापड टाकताना कोणाचाही हात कचरणार. पण चार दिवस हसून झालं की कोणीतरी त्या नवख्याला बाजूला घेतं आणि सांगतं, की बाबा रे, ही नावं आम्हाला फुकट मिळालेली नाहीत, आमच्या माणसांनी ती कमावलीत. कागदावर प्रत्येकाचं आणखी काहीतरी नाव असतं. ते कागदावरच राहतं.

नाव कमावतात कसं, तेही सांगायला हवं. भट्टीवर नवीन माणूस लागला की तो नुसता 'नवा'. दिवस जातात, महिने जातात, आणि कधीतरी त्याच्या हातून पहिली मोठी चूक होते. होणारच, काच कोणाची भीड ठेवत नाही. मग मिस्त्री काम थांबवतात. वाकलेली, लोळलेली, फुटलेली जी काय वस्तू झाली असेल ती दारातल्या दगडावर मांडतात. सगळे येऊन बघतात, पोट धरून हसतात, चहा होतो. मिस्त्री त्या चुकीवरून त्या माणसाला नाव देतात. भिंतीवर एक लांबलचक फळी आहे, तिला ओळीने खुंट्या. एका मोकळ्या खुंटीच्या वर पांढऱ्या रंगात ते नाव लिहिलं जातं. त्या दिवसापासून त्याची फुंकणी, म्हणजे जिच्यातून काच फुगवायची ती लांब लोखंडी नळी, त्या खुंटीला. पोराबाळांना तेच आडनाव. पोरांपैकी कोणी भट्टीवर आलं तर त्याला पुन्हा स्वतःचं नवं नाव, आणि कोणी डॉक्टर-मास्तर झालं तर बापाचं जुनंच पुढे चालू.

आणि एक नियम असा, की तो मोडायची कोणाची छाती नाही. नाव दिलं की त्या चुकीबद्दल पुन्हा बोलणी ऐकवायची नाहीत. टोमणा नाही, दंड नाही, मनात राखून ठेवणं नाही. चूक खुंटीला टांगली, विषय संपला. म्हणून तर डॉक्टरीणबाई आपल्या आजोबांची अर्धीच फुगवून राहिलेली बाटली ऐटीत टेबलावर ठेवतात आणि तिच्यात पेनं खोचतात. कोणी विचारलं तर सांगताना त्यांची मान ताठ होते.

तर या वसाहतीत बुडबुड्यांची बायको म्हणून एक बाई होती, तिची ही हकिगत.

ती लग्न होऊन बाहेरून आलेली. सासरचं आडनाव बुडबुडे, हे कळल्यावर तिच्या मैत्रिणी लोळून हसल्या होत्या आणि ती स्वतःही रुमाल तोंडात कोंबून हसली होती. नवरा भट्टीवर होता. त्याने आयुष्यात पहिली बरणी केली तिच्यात इतके बुडबुडे निघाले, की बरणीतून पलीकडचं काही दिसेना. ती बरणी घरात मिठाला होती. लग्नानंतर पहिल्या दिवशी त्याने तीच बायकोच्या हातात दिली. "हे आमचं घराणं," म्हणाला. माणूस असा थट्टेखोर, पण त्या थट्टेत अभिमान किती आहे हे तिला त्याच दिवशी कळलं, आणि खरं सांगायचं तर तिला त्याचा थोडा हेवाही वाटला.

ती स्वतः कामाला लागली पॅकिंगमध्ये. कारखान्यातल्या सगळ्या बायका तिथेच. पेले, बाटल्या, दौती गवतात गुंडाळायच्या आणि खोक्यात भरायच्या. दिवसभर गवताचं कुसळ हातात, केसांत, नाकात. भिंतीपलीकडे भट्टी. त्या भिंतीला एक खिडकी होती, तिच्यातून तयार माल इकडे यायचा. ती माल घ्यायला उभी राहायची आणि तिचं लक्ष असायचं पलीकडे. लाल रसाचा गोळा फुंकणीच्या टोकाला येतो, फिरतो, फुगतो, आणि बघता बघता पेला होतो. शेजारणी तिला हटकायच्या, "अगं, नवरा घरी दिसत नाही का तुला?" तिला नवरा नाही, काच बघायची असायची. पण हे कोणाला सांगणार.

मग नवऱ्याचे डोळे गेले. एका दिवसात नव्हे. भट्टीच्या झळेने आधी रंग गेले, मग कडा गेल्या, आणि एकदा त्याने खुंटी समजून फुंकणी नुसत्या भिंतीला टांगायला पाहिली, ती सटकून पायावर आली. त्या दिवशी तो घरी आला तो परत गेला नाही. काही दिवस घरात कोणी मोठ्याने बोललं नाही. नंतर एका सकाळी ती उठली, मॅनेजर साहेबांकडे गेली आणि म्हणाली, "त्यांच्या जागी मला घ्या."

साहेब बाहेरून आलेले. माणूस वाईट नव्हे, पण हिशेबाचा. त्यांनी उलटे मिस्त्रींकडे बघितलं. उलटे मिस्त्री म्हणजे भट्टीवरचे सगळ्यांत थोर, त्यांनी तरुणपणी पहिल्या सुरईला कान उलटा लावला होता. मिस्त्री म्हणाले, "घेऊ की." साहेब म्हणाले, "घ्या. पण बाई, एक जरी मोठी चूक झाली तरी परत गवतात. हे आत्ताच सांगून ठेवतो." ती हो म्हणाली. त्या क्षणी तिने कशालाही हो म्हटलं असतं.

शिकवलं नवऱ्याने, घरी बसून. अंगणात बादलीभर साबणाचं पाणी, हिच्या हातात जुनी फुंकणी, आणि तो शेजारी खुर्ची टाकून. दिसत नव्हतं तरी तिच्या श्वासावरून त्याला सगळं कळायचं. "गालांनी फुंकू नकोस. गाल फुगवून काच फुगत नाही, नुसता माणसाचा बेडूक होतो. पोटातून घे." लहानगी लेक ते साबणाचे फुगे धरायला धावायची. "घाई नको. फुंकर थांबवायची नसते, ती आपण होऊन थांबली पाहिजे," असं तो पुन्हा पुन्हा सांगायचा. तिने ते सगळं डोक्यात कोरून ठेवलं.

आणि ती भट्टीवर जी उभी राहिली ती चुकलीच नाही. औषधाच्या बाटल्या, दौती, पाण्याचे पेले. सावकाश काम, पण बिनचूक. साहेबांची ती अट कायम मानेवर बसलेली, त्यामुळे जे येतं तेच आणि जसं येतं तसंच. पहिलं वर्ष गेलं, दुसरंही गेलं. "वहिनींच्या हातून चूक म्हणून होत नाही," असं घायकुते सगळ्यांना सांगायचा. हा तिच्या शेजारी काम करणारा, जरा तोंडाळ पण मनाचा मोकळा. त्याने पहिली बाटली घट्ट व्हायच्या आत साच्यातून ओढून काढली होती, म्हणून घायकुते. सुरुवातीला हे कौतुक ऐकून तिला बरं वाटायचं.

हळूहळू तिच्या लक्षात आलं, की कौतुक वेगळं आणि आपलं मानणं वेगळं. घायकुतेच्या फुंकणीला पेटता गोळा असला तरी बाकीचे त्याच्याकडे पाठ करून निवांत उभे असायचे. ती गोळा घेऊन निघाली की सगळे अदबीने दोन पावलं बाजूला. तिची फुंकणी नवऱ्याच्या खुंटीला. तिला हाक मारायची तर बुडबुडे वहिनी, बुडबुड्यांची बायको, नाहीतर नुसतं 'अहो'. तिच्यामागून आलेल्या पोरांनासुद्धा नावं मिळाली. एक भाजके झाला, एक चपटे झाला. दगडावर त्यांच्या चुका मांडल्या गेल्या, चहा झाला, तिनेही टाळ्या वाजवल्या. आणि घरी येऊन त्या दिवशी भांडी जरा जोरातच घासली.

"काय झालं?" नवऱ्याने विचारलं.

"काही नाही."

"काही नाही तर त्या पातेल्याने तुझं काय घोडं मारलंय? अगं, फोड ना एकदा काहीतरी. दोन वर्षं भट्टीवर आहेस, एक धड चूक होत नाही तुझ्याच्याने."

"चुकले तर साहेब परत गवतात घालतील."

"आणि नाही चुकलीस तर?"

 तिने पातेलं उपडं घातलं आणि झोपायला गेली.

वर्मी घाव घातला तो लेकीने, तोही अगदी निष्पापपणे. शाळेत गळके बाईंनी मुलांना एकेक करून उभं केलं होतं आणि आपलं नाव कुठून आलं ते सांगायला लावलं होतं. लेकीने बाबांच्या बरणीची गोष्ट इतकी रंगवून सांगितली म्हणे, की सगळा वर्ग खदखदून हसला. गळके बाईंनी शाबासकी दिली आणि विचारलं, "तुझी आईपण भट्टीवर आहे ना गं? तिचं नाव काय?"

"मग काय सांगितलंस?" आईने विचारलं.

"सांगितलं, आईचं अजून नाही झालं."

पोरगी एवढं बोलून खेळायला पळाली. तिच्या आईने मात्र ताट तसंच झाकून ठेवलं.

त्यातच बातमी आली, की उलटे मिस्त्री महिनाअखेर काम सोडणार. वय झालं होतं, हात कापायला लागला होता. आणि साहेबांनी ठरवलं होतं, की मिस्त्री गेले की ही जुनी पद्धत बंद. फळी रंगवून काढायची आणि खुंट्यांना नंबर द्यायचे. म्हणजे या महिन्यात नाव मिळालं तर मिळालं. नाहीतर जन्मभर बुडबुड्यांची बायको, आणि वर एक नंबर.

मग तिने जे केलं ते आठवलं की तिला पुढे कितीतरी वर्षं हसू यायचं. दुसऱ्या दिवशी पेला करता करता तिने मुद्दाम हात तिरका केला. पेला एका अंगाला लोळला. ती फुंकणी घेऊन उभी राहिली आणि चेहरा जमेल तितका ओशाळा केला. उलटे मिस्त्री आले. चष्मा कपाळावर सारून त्यांनी पेल्याकडे बघितलं, मग तिच्याकडे बघितलं. पेला सोडवून घेतला आणि एक अक्षर न बोलता भंगाराच्या पेटीत टाकला. काम थांबलं नाही, चहा आला नाही. घायकुतेने तेवढं तोंड फिरवून हसून घेतलं.

दुपारच्या सुट्टीत तिने मिस्त्रींना गाठलं. रागाने तिचा आवाज चढला होता. "मिस्त्री, माझी चूक चूक नाही का? बाईमाणसाची म्हणून?"

"ती चूक नव्हती," मिस्त्री म्हणाले. "ते नाटक होतं. आणि तेही भिकार."

"मग मी करू तरी काय?"

मिस्त्रींनी डबा बंद केला आणि फळीकडे बोट दाखवलं. "ती नावं वाच जरा. यातला एकेक जण आपल्याला न येणारं काम करायला गेला आणि तोंडावर आपटला, सगळ्यांच्या देखत. म्हणून त्याच्या हातात आग असली तरी शेजारचा बिनघोर पाठ करून उभा राहतो. त्याला ठाऊक असतं, हा गडी चुकला तर ओरडून सांगेल, लपवणार नाही. तू रोज तेच पेले करतेस, त्याच दौती करतेस. येतं त्यात माणूस कशाला चुकेल, पोरी? तू चुकल्यावर काय करशील, हे आम्हाला माहीतच नाही. मग नाव कशाला देऊ? नाव म्हणजे दुसरं काय असतं?"

 घरी जाताना रस्ताभर तिने मिस्त्रींना मनातल्या मनात शिव्या घातल्या. म्हातारा, खडूस, उलटा तो उलटाच. खरं बोलणाऱ्याचा राग येतो, तसा तिला आला होता. घराच्या दाराशी येईपर्यंत तो राग स्वतःवर वळला होता.

त्या आठवड्यात स्टेशनवरून एक मागणी आली. तिथल्या मोठ्या घड्याळाखाली टांगायच्या दिव्याला काचेचा गोल हवा होता, मोठा, पातळ आणि बिनडाग. असल्या कामाला साचा नसतो. हातावर फिरवत नुसत्या फुंकरीने करायचं. मिस्त्रींनी तारेचं एक कडं वाकवून ठेवलं. गोल त्या कड्यातून जेमतेम जायला हवा, मोठा नको आणि लहान नको. घायकुतेने हात घातला, त्याचा गोल सवयीप्रमाणे लवकर बाहेर निघाला आणि चपटला. दुसऱ्याचा फुटला. तिसऱ्याचा खाली गळून आला. स्वतः मिस्त्रींचा हात आता असल्या वजनाला उपयोगाचा नव्हता. साहेब घड्याळ बघत उभे होते.

"आता कोण?" मिस्त्रींनी विचारलं. सगळे आपापल्या बुटांकडे बघायला लागले.

"मी करते," ती म्हणाली.

 साहेबांनी भुवया वर केल्या. "बाई, आपलं काय ठरलंय ते लक्षात आहे ना?"

"आहे, साहेब."

तिने नवऱ्याच्या खुंटीवरची फुंकणी काढली. भट्टीतून रसाचा गोळा घेतला, फिरवला, त्यावर आणखी घेतला, पुन्हा आणखी. इतकं वजन तिने कधी पेललं नव्हतं, खांदे भरून आले. फिरवणं एक क्षण थांबवलं तरी गोळा ओघळणार. तिने पोटातून श्वास घेतला आणि फुंकलं. गोळा फुगला. पुन्हा तापवला, पुन्हा फुंकलं. भोपळ्याएवढा झाला, घागरीएवढा झाला. लाल होता तो केशरी झाला, आणि त्या केशरीतून पलीकडचे सगळे चेहरे दिसायला लागले, स्वच्छ. त्यात एक बुडबुडा नव्हता. आणि काय सांगावं, तिला भीतीच वाटेना. दोन वर्षं ती श्वास मोजून घेत होती, तो आज मोकळा सुटला होता. तिला वाटलं, यासाठी आपण त्या खिडकीशी उभं राहायचो. मिस्त्री कडं वर धरून "बस" म्हणाले, ते तिला ऐकूच आलं नाही. ते दुसऱ्यांदा म्हणाले. फुंकर आपण होऊन थांबली पाहिजे, आणि ती थांबायला तयार नव्हती.

थांबली तेव्हा सगळे हातातलं काम सोडून बघत होते. फुंकणीच्या टोकाला असा गोल होता, की तसा त्या छपराखाली कोणी पाहिला नव्हता. मिस्त्रींच्या हातातलं कडं त्याच्यापुढे बांगडी वाटत होतं. पण आता तो निववायचा होता. तापलेली काच एकदम गार झाली तर तडकते, म्हणून ती एका दुसऱ्या, मंद भट्टीत ठेवून हळूहळू निववतात. ती गोल फिरवत फिरवत त्या भट्टीकडे निघाली आणि दाराशी जाऊन थबकली. डावीकडून बघितलं, उजवीकडून बघितलं.

"वहिनी," घायकुते हळूच म्हणाला, "हा आत जाणार कुठून?"

दार लहान होतं. ते विटांचं होतं आणि ते रुंद होणार नव्हतं. एवढं काम केलं, पण ते जाणार कुठे हे बघायचं राहिलं.  आणि मग तिने जे केलं ते महत्त्वाचं. ती गोल टाकून बाजूला झाली नाही, कोणाकडे बोट दाखवलं नाही. मान वर करून सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "माझं चुकलं. हा फुटणार आहे. लांब व्हा सगळे."

कोणीतरी धावत जाऊन खिडक्या लावल्या, वारा लागू नये म्हणून. एकाने विटा काढायला पहार आणली, मिस्त्रींनी मानेनेच नको म्हटलं. ती फिरवत राहिली. जितका वेळ फिरेल तितका वेळ तो राहील. लांब मात्र कोणी झालं नाही. घायकुते उलट तिच्या बाजूला येऊन उभा राहिला आणि त्याने फुंकणीचं वजन आपल्या तळहातावर घेतलं. मग एक बारीकशी टिंग झाली आणि तो सगळा गोल फरशीवर उतरला.

 उलटे मिस्त्रींनी वाकून त्यातला एक मोठा तुकडा फडक्यात उचलला, दारापर्यंत नेला आणि दगडावर ठेवला. काम थांबलं. ते बघून तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी आलं, तिने ते बाहीने पुसलंही नाही.

"एवढा मोठा," घायकुते म्हणाला, आणि त्याला हसू फुटलं. मग सगळ्यांनाच फुटलं. छपराला आवाज जाईल असे हसले, तीही हसली. चहा आला.

मिस्त्री पेला बाजूला ठेवून उठले. "आजवर इथे सगळ्या चुका कमी पडल्याच्या झाल्या," ते म्हणाले. "कोणाचं बूड राहिलं, कोणाचं तोंड राहिलं, कोणाला धीर कमी पडला. मीसुद्धा त्यातलाच. जास्त झाल्याची ही पहिली. आमच्या भट्टीत मावेना असं हिने करून दाखवलं. तेच नाव." त्यांनी रंगाचा डबा घेतला. हात कापत होता, म्हणून दुसऱ्या हाताने मनगट धरलं, आणि फळीवरच्या एका मोकळ्या खुंटीच्या वर अक्षरं काढली: मावेना.

"झालं तुमचं?" साहेब पुढे आले. "काच वाया, वेळ वाया. बाई, उद्यापासून पॅकिंगला..."

"साहेब," मिस्त्री ब्रश पुसत म्हणाले, "नाव लिहून झालंय. रंग ओला आहे, पण लिहून झालंय."

साहेबांना या नियमाशी काय घेणंदेणं. पण त्यांनी वळून बघितलं तर सगळ्या फुंकण्या खाली होत्या आणि सगळे त्यांच्याकडेच बघत होते.  शेवटी तीच बोलली. "साहेब, गोल उद्या देते. कड्यातून जाईल असा."

"आणि नाही गेला तर?"

"तर ती दुसरी चूक असेल. तिचं तुम्ही काय ते बघा. हिचं झालं."

साहेबांनी घड्याळ बघितलं. "उद्या," म्हणाले आणि गेले.

तो गोल तिने दिला, हे सांगायची गरज नसावी. आजही स्टेशनवर घड्याळाखाली बघा, दिवा त्यातच जळतो. पुढे ती मिस्त्री झाली, तिच्या हाताखालून दोन पिढ्या शिकून गेल्या, आणि तिने स्वतः कितीजणांना नावं दिली. खुंट्यांना नंबर लागले, साहेबांनी हौसेने लावून घेतले, पण फळी रंगवून काढायला कोणी ब्रश उचलला नाही. वर नाव आणि खाली नंबर. नंबर कोणी वाचत नाही. लेकीने भट्टी धरली नाही, ती शिकून मास्तरीण झाली आणि तिने आडनाव आईचं लावलं. वसाहतीत आईचं आडनाव लावणारी ती पहिली. बापाने त्यावर खोटाखोटा रुसवा धरला होता आणि मग सगळीकडे तोच सांगत सुटला होता.

पण त्या दिवशीची संध्याकाळ राहिलीच. ती घरी आली ती फडक्यात तो तुकडा घेऊन. नवऱ्याला काही न सांगता तिने तो त्याच्या हातात ठेवला. त्याने बोटांनी कड चाचपली, मग पोट चाचपलं, मग नखाने हळूच वाजवून कानाशी नेला. कितीतरी वेळ तो त्यावरून अंगठा फिरवत राहिला.

"एकही बुडबुडा नाही गं यात," तो म्हणाला.  "नाव काय दिलं?"

तिने सांगितलं. त्याने ते दोन-तीनदा पुटपुटून बघितलं. मग तुकडा घेऊन चाचपडत स्वयंपाकघरातल्या फळीशी गेला आणि मिठाच्या बरणीशेजारी ठेवला. बरणी त्याने थोडी मागे सरकवली. "उद्या मला यायचंय," म्हणाला. "दुसरा गोल ऐकायचाय."

सकाळी ती लवकर गेली, भट्टी तापवायची होती. मागून तो निघाला, लेकीच्या खांद्यावर हात ठेवून, धुतलेला सदरा घालून. ज्या दारातून त्याने उभी हयात ये-जा केली त्या दारात आता नवा पहारेकरी होता. त्याने यांना अडवलं. "कोण आपण? कामावरचे दिसत नाही."

लेक सांगायला गेली, की हे बुडबुडे, आत यांची खुंटी आहे. बापाने तिचा खांदा दाबला आणि तिला गप्प केलं. सदऱ्याची वरची गुंडी लावली आणि ताठ उभा राहिला.

"मी मावेनांचा नवरा," तो म्हणाला.